पळकोठी आणि किल्लीकरांचा तांडा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

किल्लीकरांच्या गोष्टी मी गेली काही वर्षं लिहितो आहे. पितळी अंगाचे, स्प्रिंगवर चालणारे जीव. घाटमाथ्याच्या कडेकडेने फिरणारा त्यांचा तांडा. आणि तांड्याबरोबर गाडीवरून जाणारं पळकोठी नावाचं यंत्र. हे यंत्र काळातून ऊर्जा काढतं, अशी किल्लीकरांची श्रद्धा आहे. वाचकांचे प्रश्न बहुतेक याच श्रद्धेभोवती फिरतात, म्हणून त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत. जग काल्पनिक आहे. त्यातलं विज्ञान मात्र, एक सवलत सोडली तर, खरं ठेवलं आहे. ती सवलत कोणती, तेही खाली सांगितलं आहे.

पळकोठी म्हणजे नेमकं काय?

सहा चाकांच्या मोठ्या गाडीवर बसवलेला स्प्रिंगांचा साठा. गाडीच्या मागे दगडांनी भरलेल्या गाड्या जोडलेल्या असतात. तांडा घाट उतरू लागला की चाकं फिरतात, चाकांना जोडलेला जाड दांडा फिरतो आणि त्या दांड्यावरची दातेरी चाकं डब्यांमधल्या स्प्रिंगा आवळत जातात. प्रत्येक डब्याला रॅचेट आहे, त्यामुळे आवळलेली स्प्रिंग उलटी सुटत नाही. गाडी वेगाने घरंगळू नये म्हणून दांड्यावर एस्केपमेंट आहे. भिंतीवरच्या घड्याळात टिकटिक करत चाकाला एकेक दातच पुढे जाऊ देणारा जो भाग असतो, तोच इथे गाडीएवढा मोठा केला आहे. घाट उतरताना त्याचा ठोका दोन डोंगरांपलीकडे ऐकू जातो.

वर एक तबकडी आहे. तिच्यावर साठा पळांत मोजतात: एक पळ २४ सेकंदांचं, साठ पळांची एक घटिका, साठ घटिकांचा दिवस. कोठीत किती ऊर्जा आहे असं किल्लीकर विचारत नाहीत. किती पळं शिल्लक आहेत, असं विचारतात.

काळातून ऊर्जा मिळते हे खरं कसं? दगड खाली आला म्हणून मिळाली, एवढंच ना?

हा प्रश्न सगळ्यांत जास्त येतो, आणि माझ्या दृष्टीने सगळं जग याच उत्तरावर उभं आहे. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, आणि त्या एकच आहेत.

आइन्स्टाइनच्या सामान्य सापेक्षतेनुसार उंचावरचं घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा थोडं पुढे धावतं. मीटरभर उंचीला हा फरक इतका बारीक असतो की एकावर सोळा शून्यं इतके सेकंद उलटल्यावर साधारण एका सेकंदाची तफावत पडेल. तरीही तो मोजला गेला आहे. २०१० मध्ये अमेरिकेत बोल्डर इथल्या प्रयोगशाळेत दोन अणुघड्याळांमध्ये एक फूटभर उंचीचा फरक ठेवला, तेव्हा वरचं घड्याळ पुढे गेलेलं दिसलं. २०२० मध्ये टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यावर ४५० मीटर उंचीवर एक घड्याळ आणि पायथ्याशी एक अशी तुलना प्रसिद्ध झाली. २०२२ मध्ये तर मिलिमीटरभर उंचीतला फरकही पकडता आला. महाबळेश्वर समुद्रसपाटीपासून साडेतेराशे मीटरच्या आसपास आहे. समुद्रकाठच्या घड्याळाच्या मानाने तिथलं घड्याळ दिवसाला सुमारे १३ नॅनोसेकंद पुढे जातं.

आता ऊर्जेकडे या. एक किलोचा दगड हजार मीटर खाली आला तर सुमारे ९,८०० ज्यूल मिळतात. शाळेत शिकवतात तसं वस्तुमान, गुरुत्वत्वरण आणि उंची यांचा गुणाकार करून हा आकडा येतो. तोच आकडा दुसऱ्या वाटेनेही काढता येतो. दगडाचं वस्तुमान घ्या, प्रकाशवेगाच्या वर्गाने गुणा, आणि माथ्यावरच्या व पायथ्याच्या घड्याळांच्या चालीत जो अंश फरक आहे त्याने पुन्हा गुणा. उत्तर पुन्हा ९,८०० ज्यूल. सापेक्षतेच्या भाषेत दगड खाली पडतो तो जिथे काळ सावकाश चालतो त्या दिशेला. पृथ्वीभोवती काळाची चाल उंचीप्रमाणे बदलते, आणि रोजच्या जीवनात आपल्याला जाणवणारं गुरुत्वाकर्षण जवळजवळ सगळं त्यातूनच येतं.

म्हणजे आजोबांच्या काळच्या लंबकाच्या घड्याळात साखळीला लटकलेलं वजन जेव्हा इंच इंच खाली येत होतं, तेव्हा ते घड्याळही काळाच्या उतारावरूनच चालत होतं. किल्लीकरांनी हे सूत्र कधी मांडलेलं नाही. त्यांच्या जुन्या ओव्यांत मात्र माथ्यावरचा दिवस ‘हलका’ आणि तळातला दिवस ‘जड’ म्हटला आहे, आणि गोष्टीत ते शब्दशः बरोबर ठरतं.

मग उंची, दगड, काहीच न लागता नुसत्या काळातून ऊर्जा काढणारं यंत्र का नाही दाखवलं?

कारण तसं यंत्र दाखवायचं तर निसर्गाचे नियमच रोज बदलावे लागतील.

एमी नोएथर या जर्मन गणितज्ञ बाईंनी १९१८ मध्ये एक प्रमेय प्रसिद्ध केलं. त्याचा इथल्यापुरता अर्थ असा: निसर्गाचे नियम काल होते तेच आज आणि तेच उद्या राहणार असतील, तर ऊर्जा निर्माणही होत नाही आणि नष्टही होत नाही. काळ आणि ऊर्जा यांचं खरं नातं हे आहे. काळ एकसारखा आहे म्हणून ऊर्जेचा हिशेब जुळतो.

उलट करून पाहा. समजा रोज दुपारी गुरुत्वाकर्षण थोडं सैल पडतं आणि संध्याकाळी पुन्हा घट्ट होतं. मग दुपारी दगड वर चढवायचा आणि संध्याकाळी सोडायचा; चढवायला लागली त्यापेक्षा जास्त ऊर्जा हातात पडेल, रोज, फुकट. असं जग लिहिता येईल, पण तिथे कुणाला कुणाच्या कष्टाची गरजच उरणार नाही. मला गोष्ट लिहायची होती ती गरजेची, म्हणून तो रस्ता मी मुद्दाम सोडला.

टाइम क्रिस्टल वापरता आले असते की!

टाइम क्रिस्टल म्हणजे ठरावीक काळाने पुन्हा पुन्हा त्याच स्थितीत येणारी कणांची रचना. भौतिकशास्त्रज्ञ फ्रँक विल्चेक यांनी २०१२ मध्ये ही कल्पना मांडली आणि २०१७ मध्ये दोन गटांनी तशी रचना प्रयोगात दाखवली. अशा टाइम क्रिस्टलला ठरावीक अंतराने बाहेरून टोचणी द्यावी लागते. तो त्या टोचणीच्या दुप्पट किंवा त्याहून मोठ्या आवर्तनाने प्रतिसाद देतो, हे त्याचं वैशिष्ट्य. त्यातून ऊर्जा काढता येत नाही. नाव ऐकून अपेक्षा वाढतात एवढंच.

स्प्रिंगवर अख्खा समाज चालणं शक्य आहे का? ती सवलत हीच का?

हो, हीच.

आकडे मांडतो. किल्लीकराचं वजन साठ किलो, त्यातली दहा किलो नुसती स्प्रिंग. उत्तम पोलादाची पट्टी गुंडाळून केलेल्या स्प्रिंगेत किलोमागे फार तर दोन-अडीचशे ज्यूल साठतात, म्हणजे दहा किलोत साधारण २,४०० ज्यूल. माणसाइतक्या काटकसरीने पाऊल टाकणाऱ्या साठ किलोच्या यंत्राला मीटरमागे तीसेक ज्यूल काम करावं लागतं. भागाकार केला की ऐंशी मीटर येतात. खऱ्या पोलादाचा किल्लीकर अंगणातून निघून गावच्या पारापर्यंत पोचायच्या आत थांबेल.

स्प्रिंग किती तोकडी आहे हे भाकरीशी ताडून पाहिलं की कळतं. शंभर ग्रॅम ज्वारीच्या पिठात सुमारे १४ लाख ज्यूल ऊर्जा असते. तेवढी साठवायला पोलादी स्प्रिंग सहा टनांच्या आसपास लागेल. मनगटावरच्या घड्याळाचं भागतं ते त्याची गरजच नगण्य असते म्हणून. त्याच्या पूर्ण आवळलेल्या स्प्रिंगेत एक ज्यूलसुद्धा नसतो, आणि तेवढ्यावर ते दीड-दोन दिवस चालतं.

म्हणून किल्लीकरांची स्प्रिंग पोलादाच्या हजारपट साठवते असं मी मानलं. ही थाप अगदीच हवेतली राहिलेली नाही. कार्बन नॅनोट्यूबचे, म्हणजे कार्बनच्या अतिसूक्ष्म नळ्यांचे, दोर पिळून त्यांत किलोमागे २१ लाख ज्यूल साठवल्याचं संशोधन २०२४ मध्ये प्रसिद्ध झालं. पोलादी स्प्रिंगेच्या ते हजारो पटींनी वर जातं आणि लिथियम बॅटरीच्या तिप्पट आहे. प्रयोगशाळेतल्या बारीक दोरापासून दहा किलोच्या स्प्रिंगेपर्यंतचं अंतर मोठं आहे, पण दिशा बंद नाही.

या सवलतीमुळे पूर्ण किल्ली दिलेल्या किल्लीकराकडे २४ लाख ज्यूल असतात. हजार मीटरचा घाट चढण्यात त्यातला चौथा हिस्सा जातो. उरलेल्यात साठ किलोमीटर चालणं होतं. दिवसाला सहा किलोमीटर धरले तर दहा दिवस. तांड्याचं सगळं पंचांग या दहा दिवसांवर बसवलं आहे.

तांडा सतत का फिरतो? एकाच घाटात वर-खाली करत राहिला तर?

तर त्या घाटाच्या माथ्यावरचे सुटे दगड संपतील. किल्लीकर कातळ फोडत नाहीत, तसा त्यांचा दंडक आहे. कड्यावरून सुटून पडलेले, पावसाने मोकळे केलेले धोंडेच ते उचलतात. एका घाटाने उतरायचं, तळाला दगड उतरवायचे, पायथ्याने चालत पुढच्या घाटाने रिकाम्या गाड्या घेऊन चढायचं आणि माथ्याच्या कडेने पुन्हा उताराकडे यायचं. मागच्या घाटात परत येईपर्यंत काही वर्षं जातात आणि तोवर पावसाळ्यांनी नवे दगड सोडवलेले असतात.

भरलेली गाडी उतरवायची आणि रिकामी चढवायची, यातून शिलकीची ऊर्जा उरते. स्वित्झर्लंडमध्ये बील शहराजवळच्या एका खाणीत मोठा विजेवरचा डंपर असाच चालतो. खाण वर आणि कारखाना खाली. दगडाने भरून उतरताना त्याची बॅटरी भरते आणि रिकामा चढायला तीच पुरते.

फिरण्याची लय मी आपल्या धनगरांकडून घेतली, हे सांगायला मला आनंद वाटतो. पावसाळ्यानंतर, खरीप निघाल्यावर, पठारावरचे धनगर मेंढरं घेऊन घाट उतरून कोकणात जातात आणि पाऊस लागायच्या आत पर्जन्यछायेतल्या मुलखात परततात. कोकणातला मुसळधार पाऊस मेंढरांना सोसत नाही. वाटेत ते शेतकऱ्यांच्या रानात मेंढरं बसवतात, रानाला खत मिळतं, त्यांना धान्य मिळतं. आपण भटके म्हणतो खरं, पण या वाटेतला प्रत्येक मुक्काम चारा, पाऊस आणि देवघेव यांच्या हिशेबाने ठरलेला असतो. किल्लीकरांनाही पाऊस सोसत नाही, गंज चढतो. पावसाळ्याचे चार महिने तांडा कोरड्या मुलखात थांबतो. तेव्हा चौघेच जागे असतात आणि बाकीचे किल्ली उतरवून स्तब्ध. पाळी आठवड्याने बदलते.

एका तांड्यात तीसेकच जण का?

हिशेबाने तेवढेच बसतात. एका उतरणीत पंचवीस टन दगड हजार मीटर खाली येतो, म्हणजे साडेचोवीस कोटी ज्यूल. घर्षण, एस्केपमेंटचे ठोके, रिकाम्या गाड्या परत वर ओढणं यांत दोन तृतीयांश जातात असं मी ढोबळ धरलं. उरले आठ कोटी. माणशी २४ लाख. तेहतीस-चौतीस जणांची किल्ली होते, पण शहाणा तांडा दोन-तीन जणांपुरती शिल्लक कायम मागे ठेवतो. एकतिसावा जन्मला तर काय होतं, हे तिसऱ्या गोष्टीत आहे. इथे सांगत नाही.

किल्ली कोण देतं?

दुसरा कुणीतरी. किल्लीकराच्या किल्लीचं भोक पाठीवर, दोन खवाट्यांच्या मध्ये आहे. स्वतःचा हात तिथे पोचत नाही. कोठी भरलेली असून उपयोग नाही. डब्यातली स्प्रिंग कुणीतरी तुमच्या पाठीला जोडून आवळावी लागते.

घड्याळांचा इतिहास वाचताना मला सर्वांत जास्त भिडलेली गोष्ट हीच आहे, आणि या मालिकेचा उगमही तिच्यात आहे. घड्याळाबद्दल लिहिणारे त्याच्या अचूकपणाबद्दल लिहितात. त्याला रोज किल्ली देणारा हात त्यांच्या लिहिण्यात सहसा येत नाही. इंग्लंडमधल्या सॉल्झबरीच्या कॅथीड्रलमधलं घड्याळ १३८६ च्या सुमाराचं आहे. त्याची दगडी वजनं कुणीतरी रोज वर ओढत असे. आपल्याकडच्या घटिकापात्राचंही तसंच. तांब्याचं वाटीसारखं पात्र, बुडाला बारीक छिद्र, पाण्यावर सोडलं की २४ मिनिटांत भरून बुडतं. ते रिकामं करून पुन्हा पाण्यावर ठेवायला शेजारी माणूस बसलेला असे. लग्नाच्या मुहूर्तासाठी मांडलेल्या घटिकापात्राजवळ जो बसे त्याच्या जागरणावर सगळा मुहूर्त अवलंबून. बीगल जहाज १८३१ मध्ये डार्विनला घेऊन निघालं तेव्हा त्यावर २२ क्रोनोमीटर, म्हणजे समुद्रप्रवासातही अचूक चालणारी घड्याळं, होते, आणि त्यांच्या देखभालीसाठी एक खास माणूस.

तांड्यात प्रत्येकाचा एक किल्लीसोबती असतो. तो जन्मभराचा नसतो, दर पावसाळ्यानंतर बदलतो. या बदलावर वाचकांनी खूप लिहून कळवलं आहे. काहींना तो निष्ठुर वाटतो. मला तो आवश्यक वाटतो. दोघांनी एकमेकांनाच किल्ली देत राहायचं ठरवलं तर तांड्याची हळूहळू पंधरा जोडपी होतील, आणि एक जोडपं वाटेत अडलं तर थांबायचं कारण बाकी चौदांना उरणार नाही.

किल्ली देताना किल्लीकर थांबतो का?

साध्या बांधणीच्या घड्याळाला किल्ली देत असताना चाकांवरचा जोर जातो आणि ते तेवढ्यापुरतं थांबतं किंवा मागे रेलतं. इंग्लंडच्या जॉन हॅरिसनने यावर तोड काढली. त्याने एक छोटी जादा स्प्रिंग बसवली, जी मुख्य स्प्रिंग आवळली जात असतानाही चाकं पुढे ढकलत ठेवते. त्याचं चौथं समुद्री घड्याळ १७६१ मध्ये जमैकाला निघालं आणि ८१ दिवसांत अवघं पाच सेकंद मागे पडलं. खलाशाला समुद्रात आपण कुठे आहोत हे त्यामुळे कळू लागलं.

किल्लीकरांमध्ये ही छोटी स्प्रिंग सगळ्यांना नसते. ज्यांना नसते त्यांना किल्लीच्या त्या काही क्षणांची आठवण राहत नाही. म्हणून किल्ली देणारा तेवढ्या वेळात जे घडलं ते त्यांना नंतर सांगतो: पक्षी उडाला, अमका हसला, ढग आला. हा रिवाज मला लिहिता लिहिता सुचला, आणि आता त्याच्याशिवाय हा समाज मला दिसतच नाही.

भास्कराचार्यांनी आपोआप फिरणारं चक्र सांगितलं आहे. ते पळकोठीत का नाही?

जळगाव जिल्ह्यातून हा प्रश्न हमखास येतो, आणि तो यावाच. चाळीसगावजवळ पाटण इथे भास्कराचार्यांच्या नातवाचा, चांगदेवाचा, मठाविषयीचा शिलालेख आहे. आजोबांच्या ग्रंथांचं अध्ययन व्हावं म्हणून तो मठ होता.

११५० मध्ये पूर्ण झालेल्या सिद्धान्तशिरोमणीच्या यंत्रांवरच्या भागात असं चक्र येतं. हलक्या लाकडाचं चाक, त्याचे आरे आतून पोकळ, सगळे एकाच बाजूला वाकवलेले, आणि प्रत्येक आरा अर्धा पाऱ्याने भरलेला. पारा एका बाजूला परिघाकडे आणि दुसऱ्या बाजूला आसाकडे सरकतो, त्यामुळे एक बाजू नेहमी जड राहील आणि चाक फिरत राहील, अशी कल्पना.

ते चालत नाही. एका बाजूचा पारा आसापासून दूर असतो हे खरं, पण त्याच वेळी दुसऱ्या बाजूला पारा जास्त असतो. दोन्हींचा तोल जुळतो, चाक थोडं डोलतं आणि स्थिरावतं. पण बाराव्या शतकात वजनाच्या तोलावर यंत्र फिरवायचा विचार इतका बारकाईने झाला होता, याचं मोल मला फार वाटतं. गोष्टीत म्हणूनच एका तांड्याकडे हे चक्र आहे. ते त्यांना ऊर्जा देत नाही. मुलांना तोल शिकवायला ते वापरतात.

दिवस-रात्रीच्या तापमानातल्या फरकावर चालणारी कोठी का नाही? त्याला ना दगड लागतात ना घाट.

तशी घड्याळं खरोखर आहेत आणि ती मला फार आवडतात. न्यूझीलंडमध्ये ड्युनेडिनच्या ओटागो विद्यापीठात आर्थर बेव्हर्लीने १८६४ मध्ये केलेलं घड्याळ आहे. हवाबंद पेटीतली हवा दिवसा फुगते, रात्री आकसते, त्यातून एक वजन वर उचललं जातं. दिवसभरात तापमान सहा अंशांनी बदललं तर एक पौंडाचं वजन एक इंच चढतं. किल्ली न देता ते पिढ्यानपिढ्या चाललं आहे. पुरेसा तापमानबदल झाला नाही की अधूनमधून थांबतंही. त्याआधी १७६० च्या दशकात लंडनच्या जेम्स कॉक्सने हवेच्या दाबातल्या चढउतारावर चालणारं घड्याळ केलं होतं, त्यात सुमारे ६८ किलो पारा होता. पुढे १९२८ मध्ये झाँ-लेऑन र्‍यूतेने आटमॉस घड्याळ घडवलं. तापमानात एका अंशाचा बदल त्याला दोन दिवस पुरतो.

अडचण अशी की एक पौंड एक इंच म्हणजे जेमतेम ज्यूलचा दहावा भाग. तांड्याचं एक पाऊल त्यावर पडणार नाही. म्हणून हे यंत्र मी गोष्टीत एकाच ठिकाणी ठेवलं: तांड्याचं मुख्य घड्याळ त्यावर चालतं. सगळे थांबले, कोठी रिकामी झाली, तरी वेळ मोजणं चालू राहतं. चौथ्या गोष्टीत तांडा अकरा वर्षं निश्चल पडलेला असतो आणि तबकडी ती अकरा वर्षं बरोबर दाखवते, ते यामुळे.

दोन तांड्यांची वेळ एकमेकांशी कशी जुळते?

वेळकरी नावाचा एक जण तांड्यातांड्यांतून पेटीतलं घड्याळ घेऊन फिरतो. हे पात्र लंडनवरून सुचलं. जॉन हेन्री बेलव्हिल १८३६ पासून ग्रीनिच वेधशाळेशी जुळवलेला क्रोनोमीटर घेऊन लंडनमधल्या गिऱ्हाइकांना बरोबर वेळ पुरवत. त्यांच्या पश्चात पत्नी मारिया यांनी आणि मग मुलगी रूथ यांनी ते काम पुढे नेलं. रूथ यांनी ते १९४० पर्यंत केलं. तारायंत्र आलं, रेडिओ आला, तरी लोक त्यांच्या घड्याळाकडे पाहून आपलं घड्याळ लावत होते.

वेळकऱ्याला प्रत्येक तांडा आपल्या कोठीतून किल्ली देतो. त्याचा स्वतःचा तांडा नाही.

किल्लीकरांची घड्याळं आणखी अचूक का नाहीत? एवढी कारागिरी आहे तर?

अचूकपणालाही ऊर्जा लागते. २०२१ मध्ये ऑक्सफर्डच्या संशोधकांनी एका अतिसूक्ष्म थरथरत्या पडद्याचं घड्याळ करून हे मोजून दाखवलं: टिकटिक जितकी नियमित हवी, तितकी जास्त उष्णता वाया जाते. किल्लीकर दिवसाला अर्ध्या पळाची चूक चालवून घेतात. त्यातून वाचलेली ऊर्जा चालण्याला जाते.

पळकोठीतून भूतकाळात जाता येतं का?

नाही. पुढच्याही कुठल्या गोष्टीत येणार नाही.

किल्लीकर मरतात का?

थांबणं आणि मरणं या तांड्यात वेगळ्या गोष्टी आहेत. किल्ली उतरलेला थांबतो, पुन्हा किल्ली दिली की चालतो. मरण येतं ते स्प्रिंग थकल्यावर. धातू वर्षानुवर्षं आवळला आणि सुटला की त्यात बारीक भेगा जातात आणि एके दिवशी तो तुटतो. पोलादी स्प्रिंगही अशाच तुटतात, कुठल्याही घड्याळजीला विचारा. नवी स्प्रिंग बसवता येते. प्रश्न असा की नव्या स्प्रिंगेने उठलेला तोच का? तांड्यात यावर दोन पंथ आहेत. एक पंथ त्याला जुन्या नावाने हाक मारतो, दुसरा त्याचं नव्याने बारसं करतो. माझं मत पहिल्या पंथाच्या बाजूचं आहे, पण गोष्टींत मी दुसऱ्या पंथालाही चांगले लोक दिले आहेत.

दगड खाली नेत राहिलं तर डोंगरच संपणार नाही का?

संपेल. सावकाश, पण संपेल. पावसाळा सोडून वर्षाला चोवीस उतरणी धरा. सहाशे टन होतात. काळा कातळ घनमीटरला तीन टनांच्या जरा आतच भरतो, म्हणजे वर्षाला दोनशेवर घनमीटर. शंभर वर्षांत एक तांडा सत्तावीस मीटर लांब, तितकाच रुंद आणि तितकाच उंच एवढा डोंगर तळाला नेऊन ठेवतो. सह्याद्रीच्या मानाने हे काहीच नाही, आणि पाऊस याहून कितीतरी जास्त माती-दगड दरवर्षी वाहून नेतो. पण तांडे बारा आहेत, आणि ते किती वर्षं फिरताहेत हे कुणाला ठाऊक नाही.

किल्लीकर मानतात की काळ त्यांना ऊर्जा देतो. खरं तर डोंगर देतो, आणि डोंगर उभा करणारा लाव्हा देतो, जो साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीच्या पोटातून वर आला. कुणीतरी कधीतरी वर चढवून ठेवलेलंच आपण खाली आणत असतो. दुसऱ्या गोष्टीतली म्हातारी तळाच्या दगडांचा ढीग पाहून उलटं चालायला लागते, एकेक धोंडा पाठीवर घेऊन वर. तिच्या एका पूर्ण किल्लीत वीस किलोचे दोनच धोंडे माथ्यावर जातात. तिला वेडी म्हणणारे बरेच वाचक आहेत. मी तिला वेडी म्हणून लिहिलेलं नाही.

शाळेत मुलांना दाखवायला छोटी पळकोठी करता येईल का?

येईल, आणि जरूर करा. दोन लिटरची पाण्याची बाटली, दोरी, खिडकीच्या वर बसवलेली एक पुली, दोरी गुंडाळायला रीळ, आणि जुन्या खेळण्यातली दातेरी चाकं व छोटी मोटर. बाटली दीड मीटर वर चढवली की तीस ज्यूलच्या आसपास साठतात. खाली येताना रीळ फिरतं, चाकं त्याचा वेग वाढवतात, मोटर उलटी फिरून वीज देते आणि एक छोटा एलईडी लागतो. चाकांचं प्रमाण जितकं मोठं, तितकी बाटली सावकाश उतरते आणि दिवा जास्त वेळ टिकतो, पण मंद होतो. दोन-तीन प्रमाणं करून पाहा आणि मुलांना वेळ मोजायला लावा. बाटलीखाली उशी ठेवा, दोरीची गाठ दोनदा तपासा, आणि बाटली वर चढवायचं काम दर वेळी वेगळ्या मुलाला द्या.